तुमचा संप कधी संपला? : स्मृतीवर माहितीपट करू इच्छिणाऱ्यांसाठी

इतिहासावर माहितीपट करायचा म्हटले की बहुतेकांच्या डोळ्यांसमोर एक ठरलेला आराखडा उभा राहतो. जुनी छायाचित्रे आणि त्यांवरून सावकाश सरकणारा कॅमेरा, पुस्तकांच्या कपाटासमोर बसलेले दोन अभ्यासक, एक-दोन वृद्ध साक्षीदार आणि या सगळ्याला बांधून ठेवणारे भारदस्त निवेदन. असा माहितीपट माहिती पुरवतो. परंतु ज्याला स्मृतीविषयी आणि काळाविषयी प्रश्न पडला आहे, त्याचे काम त्याने भागत नाही. कॅमेऱ्यासमोर भूतकाळ कधीच येत नाही, समोर येते ते या घटकेला बसून काहीतरी आठवणारे माणूस. संत ऑगस्टीनने ‘कन्फेशन्स’च्या अकराव्या भागात काळाचा विचार करताना भूतकाळाचे वर्तमानातील रूप म्हणजे स्मृती, असे म्हटले आहे. माहितीपटकाराच्या दृष्टीने हे तत्त्वज्ञान तर आहेच, पण त्याहून अधिक ती एक व्यावहारिक सूचना आहे. मुलाखतीला कुठे बसायचे, ध्वनी कसा घ्यायचा, संकलनात काय कापायचे आणि काय कापायचे नाही, हे सगळे निर्णय आठवण्याची ही क्रिया नीट टिपली जावी आणि पुराव्याशी तिची सरमिसळ होऊ नये, या एका हेतूने घेता येतात.

हे कसे करावे ते एका प्रत्यक्ष उदाहरणावरून सांगणे सोपे जाईल, म्हणून येथे मुंबईतील १९८२ चा गिरणी संप घेतला आहे. संपाच्या वेळी पंचविशीत असलेला कामगार आज सत्तरीच्या आसपास आहे, त्यामुळे काम लांबणीवर टाकण्याजोगे नाही; आणि या घटनेबाबतीत कागद, आठवण आणि जागा या तिघांचे एकमेकांशी इतके विचित्र नाते आहे की शिकणाऱ्याला तिच्यात जवळजवळ प्रत्येक अडचण भेटते.

प्रश्न निवडणे

पहिली पायरी विषय ठरवण्याची नसून प्रश्न ठरवण्याची असते. ‘गिरणगावाचा ऱ्हास’ हा विषय झाला. त्यावर वर्षानुवर्षे चित्रीकरण करता येईल आणि तरीही हातात चित्रपट येणार नाही. प्रश्न चांगला आहे की नाही हे तपासण्याची एक साधी कसोटी आहे. तो प्रश्न लालबागच्या चाळीत बसलेल्या एखाद्या मामांना, कोणताही जड शब्द न वापरता, तसाच्या तसा विचारता आला पाहिजे. ‘स्मृती आणि सत्ता यांचे नाते काय?’ हा प्रश्न तसा विचारता येत नाही. ‘मामा, तुमचा संप कधी संपला?’ हा विचारता येतो.

वरवर पाहता याचे उत्तर एका तारखेचे असावे. पण तशी तारीख नाही. संप सुरू झाल्याची तारीख १८ जानेवारी १९८२ अशी सर्वत्र दिली जाते, आणि त्यातही गुंता आहे, कारण १९८१ च्या दिवाळीतील बोनसवरून काही गिरण्यांतले काम आधीच बंद पडले होते आणि तिथले कामगार कामगारनेते डॉ. दत्ता सामंतांकडे गेले होते. सुमारे अडीच लाख कामगार ज्या संपात उतरले, तो मागे घेतल्याची औपचारिक घोषणा कधीच झाली नाही. मुंबई औद्योगिक संबंध अधिनियम, १९४६ या कायद्याखाली मान्यता होती ती राष्ट्रीय मिल मजदूर संघ या दुसऱ्याच संघटनेला, त्यामुळे संप पुकारणाऱ्या नेत्याशी वाटाघाटी करण्यास मालक आणि सरकार बांधील नव्हते. तडजोडच झाली नाही तर शेवटाची तारीख येणार कुठून? म्हणून प्रत्येक घरात संपाचा शेवट वेगळा आहे. कोणासाठी तो गावाहून येऊन पुन्हा गिरणीच्या गेटवर उभे राहण्याच्या दिवशी झाला, कोणासाठी गिरणी कायमची बंद झाल्यावर, कोणासाठी घर सोडून गावी परतताना, आणि कोणी सांगेल की तो अजून चालू आहे. एखादी घटना संपते म्हणजे नेमके काय होते, हा काळाविषयीचा मूलभूत प्रश्न येथे रोजच्या बोलण्यातून उभा राहतो. त्यासाठी निवेदकाला तत्त्वज्ञ व्हावे लागत नाही.

चिलीचे माहितीपटकार पात्रिसिओ गुस्मान यांच्या २०१० च्या ‘नॉस्टॅल्जिया फॉर द लाइट’ या चित्रपटात हीच पद्धत मोठ्या प्रमाणावर दिसते. अटाकामाच्या वाळवंटात खगोलशास्त्रज्ञ दुर्बिणीतून ताऱ्यांचा जुना प्रकाश पाहतात, आणि त्याच वाळवंटात हुकूमशहा पिनोशेच्या राजवटीत नाहीशा केल्या गेलेल्या आपल्या माणसांचे अवशेष कलामा गावच्या स्त्रिया वर्षानुवर्षे शोधतात. आपल्यापर्यंत पोचणारी प्रत्येक खूण उशिरा आलेली असते, ही कल्पना चित्रपटात खगोलशास्त्रज्ञाच्या कामातून आणि तोंडून येते. तिच्यावर व्याख्यान देण्याची गरजच राहत नाही. आपल्या विषयात असे काम कोणाचे आहे, ते शोधावे. गिरणगावात ते कदाचित भविष्य निर्वाह निधीची जुनी खाती तपासणाऱ्या कारकुनाचे असेल, कदाचित साच्यांचे, म्हणजे मागांचे, सुटे भाग भंगारात विकत घेणाऱ्या व्यापाऱ्याचे.

भेटीआधी काय वाचावे

कोणालाही भेटण्यापूर्वी दोन-तीन महिने कागदांत घालवावेत. मुंबईत एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीतील राज्य पुराभिलेखागार, दादरचे मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय, जुन्या वृत्तपत्रांचे अंक आणि पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय ही सुरुवातीची ठिकाणे आहेत. फिल्म्स डिव्हिजनचा संग्रह आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे असल्यामुळे त्या काळातील सरकारी वार्तापटांसाठी तिथे विचारणा करावी लागते. मात्र वार्तापटात जे दिसते ते सरकारला दाखवावेसे वाटलेले असते, हे विसरू नये. हा कागदही कोणीतरी लिहिलेलाच आहे.

या वाचनातून एक दिनदर्शिका तयार करावी. संपाची सुरुवात, ऑगस्ट १९८२ मधील मुंबई पोलिसांचे बंड, त्याच वर्षी नोव्हेंबरात दिल्लीत झालेले एशियाड, जून १९८३ मधील क्रिकेटचा विश्वचषक, ऑक्टोबर १९८३ मध्ये केंद्र सरकारने तेरा गिरण्यांचे व्यवस्थापन ताब्यात घेणे, ऑक्टोबर १९८४ मधील इंदिरा गांधींची हत्या, त्याच वर्षअखेरीस सामंतांचे लोकसभेवर निवडून जाणे, १६ जानेवारी १९९७ रोजी पवईत झालेला त्यांचा खून, २००१ मध्ये विकास नियंत्रण नियमावलीतील, गिरण्यांच्या जमिनींच्या वापराबाबतच्या, ५८ व्या नियमात झालेला बदल आणि गिरण्यांच्या जमिनीबाबत २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मालकांच्या बाजूने दिलेला निकाल, एवढे टप्पे तरी तिच्यात असावेत. माणसे सन सांगत नाहीत. ‘कपिलने कप जिंकला तेव्हा आम्ही गावीच होतो’ असे सांगतात, आणि मग ही दिनदर्शिका उपयोगी पडते. तिच्यात घरगुती रकानाही ठेवावा: थोरलीचे लग्न, धाकट्याची दहावी, गावची जत्रा, गणपती.

दिनदर्शिका साक्षीदाराला पकडण्यासाठी नाही. इटालियन अभ्यासक अलेस्सांद्रो पोर्तेल्ली यांनी तेर्नी या पोलादनगरीत केलेले काम या बाबतीत प्रत्येकाने माहीत करून घ्यावे. लुइजी त्रास्तुल्ली हा तरुण पोलाद कामगार १७ मार्च १९४९ रोजी नाटोविरोधी निदर्शनाच्या वेळी पोलिसांच्या गोळीने मारला गेला. परंतु पुढे अनेक कामगारांनी त्याचा मृत्यू १९५३ मधील मोठ्या कामगारकपातीच्या आंदोलनात झाला असे सांगितले. पोर्तेल्लींनी ही चूक दुरुस्त करून बाजूला टाकली नाही. एका दूरच्या आंतरराष्ट्रीय करारासाठी गेलेला जीव लोकांच्या मनाने त्यांच्या सर्वात मोठ्या लढ्यात नेऊन ठेवला होता, कारण तिथे त्या मृत्यूला अर्थ मिळत होता. म्हणून कोणी तारीख चुकवली तर कॅमेरा चालू ठेवावा, मध्येच सुधारू नये, आणि रात्री वहीत नोंद करावी की घटना कुठून उचलून कुठे ठेवली गेली. गिरणगावात संपाच्या आठवणी आणि पुढे जमिनी विकल्या जाण्याच्या आठवणी एकमेकींत मिसळलेल्या आढळणे स्वाभाविक आहे. त्या दोहोंत वीस वर्षांचे अंतर असले, तरी सांगणाऱ्याच्या लेखी ती एकच गोष्ट असू शकते.

पहिली भेट कॅमेऱ्याशिवाय

गिरणी कामगारांच्या बाबतीत एक खास अडचण आहे आणि ती बाहेरून आलेल्या माहितीपटकारांच्या फारशी लक्षात येत नाही. गिरणी कामगारांना सोडतीने मिळणाऱ्या म्हाडाच्या घरांसाठी १ जानेवारी १९८२ रोजी किंवा त्यानंतर आपण गिरणीच्या पटावर होतो, हे कामगाराला किंवा त्याच्या वारसाला सिद्ध करावे लागते. त्यासाठी तिकीट क्रमांक, हजेरीपत्र, कामगार विमा योजनेचे कार्ड, निधीच्या पावत्या असे कागद जपून ठेवावे लागतात. म्हणजे ‘तुम्ही कोणत्या खात्यात होता, कोणत्या सालापर्यंत होता?’ हे प्रश्न या माणसांना वर्षानुवर्षे टेबलापलीकडून विचारले गेले आहेत. तेच प्रश्न माहितीपटकाराने वही उघडून विचारले की समोरचा माणूस अर्जातली उत्तरे देऊ लागतो. ती खोटी नसतात, पण ती साहेबासाठी तयार झालेली असतात. आपला घराच्या सोडतीशी, कोणत्याही युनियनशी किंवा पक्षाशी संबंध नाही हे पहिल्याच भेटीत स्पष्ट सांगावे, आणि चित्रपटामुळे घर मिळण्यास मदत होईल अशी आशा शब्दानेही लावू नये.

या भेटीत कॅमेरा नेऊ नये. चहा घ्यावा, घरात कोण-कोण असते ते पाहावे, दुपारी नळाला पाणी कधी येते आणि शेजारचा टीव्ही किती वाजता लागतो, हेही टिपावे. चित्रीकरणाची वेळ त्यावरच ठरते. संमतीपत्र मराठीत, एका पानाचे आणि मोठ्या अक्षरांत असावे, आणि ते मोठ्याने वाचून दाखवावे. चित्रीकरण झाल्यानंतरही एखादा भाग काढून टाकायला सांगण्याचा हक्क त्यात लिहिलेला असावा, व त्यासाठी मुदत द्यावी. अनेक निर्माते हे कलम टाळतात. माझ्या मते ते असल्यामुळेच माणसे मोकळी बोलतात.

स्त्रियांची भेट वेगळी मागावी. संपावरचे बोलणे पुरुषांकडे सोपवण्याची रीत अजून आहे. वास्तविक गिरण्यांत स्त्रिया कामाला होत्या, कामगारांना जेवण घालणाऱ्या खानावळी बहुतांशी बायकाच चालवीत, आणि पगार थांबल्यावर घर कसे चालले याचा तपशील त्यांच्याकडेच असतो. नवरा खोलीत असताना मावशी ‘हे सांगतील ना’ म्हणतात. तो सकाळी बाजारात गेलेला असताना त्याच मावशी वाण्याच्या उधारीचा आकडा सांगतात.

मुलाखत

मुलाखतीची सुरुवात मतांपासून करू नये. ‘संपाबद्दल आज काय वाटते?’ असे विचारले की वर्तमानपत्रात वाचलेले आणि सभेत ऐकलेले उत्तर येते. सुरुवात शरीराच्या सवयींपासून करावी. पहिल्या पाळीला घरून किती वाजता निघायचे, भोंगा कुठपर्यंत ऐकू यायचा, डबा कोण आणून द्यायचे, गेटवर तिकीट कुठे द्यायचे, साचा खात्यात शिरल्यावर पहिल्यांदा हात कुठे जायचा? धागा तुटल्यावर तो कसा जोडायचा, हे विचारले की माणूस बोलता बोलता हात उचलतो. त्या वेळी चौकट छातीपर्यंत कापलेली असेल तर सगळे गेले. म्हणून पहिला अर्धा तास चौकट मांडीपर्यंत मोकळी ठेवावी आणि चेहऱ्याच्या जवळ जाण्याची घाई करू नये.

कापड विणणाऱ्या खात्यांतील आवाज प्रचंड असे, आणि तिथे आयुष्य काढलेल्या अनेकांना आज कमी ऐकू येते. हा वैद्यकीय तपशील असला तरी चित्रीकरणाची पद्धत त्यावर ठरते. कोणत्या कानाने बरे ऐकू येते ते आधी विचारून त्या बाजूला बसावे. प्रश्न लहान वाक्यांत, सावकाश, ओठ दिसतील असे विचारावेत. ओरडून विचारलेला प्रश्न खोलीतल्या सगळ्यांना ऐकू जातो आणि मग उत्तर शेजारी देतात. बोलणाऱ्याचाही आवाज मोठा असतो, म्हणून ध्वनीची पातळी बरीच खाली ठेवून चाचणी घ्यावी. शर्टला लावलेला लेपल माइक आणि वर धरलेला बूम असे दोन वेगळे ट्रॅक घेतले तर एक फाटला तरी दुसरा वाचतो. ध्वनिमुद्रण ४८ किलोहर्ट्‌झ व २४ बिटवर असावे.

चाळीत ट्यूबलाइट असते आणि आपल्याकडील वीज ५० हर्ट्‌झची आहे, त्यामुळे सेकंदाला २५ चित्रे आणि १/५० शटर ठेवल्यास प्रकाश लुकलुकत नाही. पंखा बंद करावा लागतो. उन्हाळ्यात दहाच मिनिटांत सगळे घामाघूम होतात, म्हणून टप्पे छोटे घ्यावेत. प्रत्येक खोलीत बोलणे संपल्यावर सर्वांनी गप्प बसून एक मिनिट त्या खोलीचा नुसता ध्वनी मुद्रित करावा. संकलकाला तो लागतोच. शिवाय या मिनिटात कॅमेरा चालू असला तर कधीकधी सर्वात चांगले चित्र मिळते, कारण आता आपले काम झाले असे समजून माणूस स्वतःशीच काहीतरी आठवू लागतो.

उत्तर संपल्यावर लगेच पुढचा प्रश्न विचारू नये. मनात पाच आकडे मोजावेत. लोक शांतता सहन न होऊन बोलतात असे म्हणतात ते अर्धेच खरे आहे. वृद्ध माणसाला पुढची गोष्ट सापडायला तेवढा वेळ लागतो, हे अधिक साधे कारण आहे. कोणी हमखास पाठ झालेला किस्सा सांगत असेल तर तो पूर्ण होऊ द्यावा, आणि मग त्यातील एखाद्या बिनमहत्त्वाच्या वस्तूबद्दल विचारावे: त्या दिवशी मोर्चात पायांत चप्पल कोणती होती, पाऊस होता का, सोबत कोण होते? पाठ झालेल्या गोष्टीत या प्रश्नांची उत्तरे नसतात, म्हणून सांगणाऱ्याला पुन्हा आठवावे लागते आणि त्याचा चेहरा बदलतो. आपल्याला हवी असलेली क्रिया ती हीच.

एकट्याची मुलाखत झाल्यावर त्याच माणसाची एक बैठक इतरांसोबत घ्यावी. माणूस समूहाच्या चौकटीत आठवतो, हे फ्रेंच समाजशास्त्रज्ञ मोरिस हाल्ब्वाक्स यांनी १९२५ मध्ये मांडले. चाळीच्या गॅलरीत त्याची प्रचिती फार लवकर येते. एक जण जॉबरचे, म्हणजे खात्यातल्या मुकादमाचे, नाव चुकवतो, दुसरा दुरुस्त करतो, तिसरा त्या जॉबरचे गाव सांगतो, आणि एकांतात ज्याने ‘आम्ही सगळे शेवटपर्यंत ठाम होतो’ असे सांगितले होते तो, कामावर लवकर परत गेलेला जुना सोबती शेजारी बसलेला असल्यामुळे, ते वाक्य गिळतो. दोन्ही चित्रणे जपावीत. मात्र त्यांचा वापर कोणाला खोटे पाडण्यासाठी करू नये.

पाहिलेले आणि ऐकलेले

मुलाखतींचे लेखी उतारे काढणे कंटाळवाणे असते आणि त्याला पर्याय नाही. यंत्राकडून मिळणारा मराठी मजकूर मालवणी बोलीत किंवा सातारा-कोल्हापूरकडच्या बोलण्यात वारंवार अडखळतो, त्यामुळे तो ऐकून तपासावाच लागतो. उताऱ्यात बोली बदलू नये. उपशीर्षकांच्या सोयीसाठी ‘व्हता’चे ‘होता’ करणारे संकलक भेटतात. ते माणसाची जागाच पुसून टाकतात.

उताऱ्याच्या बाजूला एक रकाना आखावा. ही कल्पना मला न्यायदर्शनातून सुचलेली आहे. ‘तर्कसंग्रह’ या त्या दर्शनाच्या प्राथमिक ग्रंथात ज्ञानाचे अनुभव आणि स्मृती असे दोन भाग केले आहेत, आणि केवळ संस्कारातून उपजते ते स्मृती असे म्हटले आहे. नैयायिक, म्हणजे न्यायदर्शनाचे अभ्यासक, स्मृतीला स्वतंत्र प्रमाण (ज्ञानाचे साधन) मानत नाहीत, कारण ती नवे काही कळवत नाही, आधीच्या अनुभवावर उभी असते. मग खरा प्रश्न उरतो तो हा, की तो मूळ अनुभव कसा आला होता? माणसाने स्वतः पाहिले, कोणाच्या तोंडून ऐकले, की खुणांवरून ताडले? रकान्यात प्रत्येक महत्त्वाच्या वाक्यापुढे ‘पाहिले’, ‘ऐकले’, ‘ताडले’ किंवा ‘नंतर वाचले’ यांपैकी एक शब्द लिहावा. शंका असेल तर फोन करून विचारावे. ‘गेटवर लाठीमार झाला’ हे एका सभेत ऐकलेले वाक्य आणि ‘माझ्या शेजारच्याच्या डोक्यातून रक्त आले’ हे पाहिलेले वाक्य कागदावर शेजारी शेजारी सारखीच दिसतात. चित्रपटात त्यांना सारखे वजन दिले तर प्रेक्षकाची फसवणूक होते. ऐकलेले कमी प्रतीचे असते असे मात्र नाही. एकाच अफवेची चार घरांतून चार रूपे मिळाली, तर त्या काळी लोक कशाला भीत होते आणि कशाची आशा धरून होते, ते तिच्यातून उघड होते.

जागा

परळ-लोअर परळ भागात आज जिथे कचेऱ्यांचे मनोरे आणि मॉल आहेत, तिथल्या बऱ्याच जमिनी गिरण्यांच्या होत्या. फिनिक्स मिलच्या जागेवर मॉल झाला आणि गिरणीचे धुराडे तेवढे राखले गेले. अशा ठिकाणी जुन्या कामगाराला घेऊन जाणे हा मोह सर्वांनाच होतो. दोन गोष्टी सांभाळाव्यात. आत चित्रीकरणासाठी व्यवस्थापनाची परवानगी लागते आणि ती सहसा मिळत नाही. वृद्ध माणसाला रखवालदाराने हटकावे, असा प्रसंग ‘नाट्यमय’ म्हणून मुद्दाम ओढवून घेणे अप्रामाणिकपणाचे आहे. आणि ‘इथे काय होते?’ असे विचारण्याऐवजी त्यांना घरापासून गेटपर्यंतची जुनी वाट चालायला सांगावे. कॅमेरा मागे ठेवावा. पाय कुठे थबकतात, कुठल्या कोपऱ्यावर ते न सांगता वळतात आणि जिथे आता भिंत आहे तिथे काय करतात, ते पाहावे. त्याच कामगारांच्या सातारा-कोल्हापूर-कोकणातील घरी जाणेही तितकेच आवश्यक आहे, कारण संपात हजारो कामगार गावी गेले आणि त्यांतले अनेक परतले नाहीत. गिरणगावाची मोठी स्मृती आज गिरणगावाबाहेर आहे.

जागा मुद्दाम उभी करण्याच्या बाबतीत क्लोद लांझमान यांच्या, नाझींनी केलेल्या ज्यूंच्या संहारावरील, १९८५ च्या ‘शोआ’ या चित्रपटाचा विचार करावाच लागतो. नऊ तासांहून मोठ्या या चित्रपटात त्यांनी जुने चित्रण अजिबात वापरले नाही. ट्रेब्लिंका छळछावणीत स्त्रियांचे केस कापायला लावलेल्या आब्राहम बोम्बा यांची मुलाखत त्यांनी इस्रायलमध्ये भाड्याने घेतलेल्या केशकर्तनालयात, हातात कात्री असताना घेतली. बोम्बा बोलायचे थांबतात, पुढे जाता येणार नाही असे सांगतात, आणि लांझमान त्यांना पुढे बोलायला लावतात. ते चित्रण विसरता येत नाही. तरीही ते सरसकट उदाहरण म्हणून घेऊ नये असे मला ठामपणे वाटते. हातांना जुने काम देणे ही युक्ती वापरावी, उदाहरणार्थ विणकामातली कांडी किंवा धोटा हातात द्यावा. माणूस थांबला तर आपणही थांबावे. पुन्हा बोलायचे की नाही हे दुसऱ्या दिवशी त्याने ठरवावे.

संकलन

रोजचे चित्रण त्याच रात्री तीन प्रतींत ठेवावे: दोन वेगवेगळ्या हार्ड डिस्क आणि तिसरी प्रत दुसऱ्या इमारतीत किंवा क्लाउडवर. १०० मेगाबिट दराने घेतलेले एका तासाचे चित्रण सुमारे ४५ गिगाबाइट होते, तेव्हा ऐंशी तासांच्या साहित्याला प्रतींसह किती जागा लागेल याचा हिशेब खर्चाच्या अंदाजातच धरावा.

संकलनात सर्वात जास्त पाप होते ते आठवणीवर जुने चित्रण चढवताना. मामा १९८२ च्या मोर्च्याबद्दल बोलत आहेत आणि पडद्यावर दुसऱ्याच वर्षीचा, दुसऱ्याच शहराचा मोर्चा दिसतो. ‘वातावरणनिर्मिती’ म्हणून हे सर्रास चालते. असे केल्याने आठवणीला तिच्या मालकीचा नसलेला पुरावा मिळतो आणि पुराव्याला त्याच्या मालकीचा नसलेला आवाज. माझा नियम असा आहे की जुने चित्रण नेहमी त्याच्या स्वतःच्या ध्वनीसह किंवा निःशब्द यावे, पडद्यावर सन आणि उगम लिहिलेला असावा, आणि माणूस आठवत असताना पडद्यावर माणूसच असावा. उगम कळला नाही तर तेही लिहावे. मुलाखतीत काप घेतला तर तो मध्ये पंख्याचे किंवा देव्हाऱ्याचे चित्र टाकून झाकण्यापेक्षा सरळ दिसू द्यावा. करुण संगीताबद्दल एवढेच म्हणेन की ज्या प्रसंगाला त्याची गरज भासते, तो प्रसंग बहुधा अजून नीट कापलेला नसतो.

हक्कांकडे दुर्लक्ष करू नये. भारतीय कायद्यानुसार चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रकाशनानंतरच्या वर्षापासून साठ वर्षे टिकतो, तर छायाचित्राचा, २०१२ च्या दुरुस्तीनंतर, छायाचित्रकाराच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून साठ वर्षे. म्हणजे १९८२ मध्ये प्रदर्शित झालेला माहितीपट २०४२ अखेरपर्यंत हक्काखाली आहे, आणि त्याच वर्षी छापून आलेले संपाचे छायाचित्र त्याहूनही अधिक काळ असू शकते. परवानगीसाठी लेखी पत्रव्यवहार लवकर सुरू करावा. जाहीर प्रदर्शनासाठी प्रमाणपत्र मंडळाकडे जावे लागते, त्यालाही वेळ धरावा.

निवेदन सर्वात शेवटी लिहावे, आणि लिहिल्यावर निम्मे कापावे. जे साक्षीदार सांगतो ते निवेदकाने सांगू नये. निवेदकाचे काम आपण कोण, कुठून आलो, काय शोधत होतो आणि काय सापडले नाही, एवढे सांगण्याचे. तात्त्विक वाक्ये निवेदनात आली की ती सुभाषितांसारखी ऐकू येतात. तोच विचार दोन आठवणी शेजारी ठेवून मांडता येतो. संपाचा शेवट १९८३ मध्ये झाला असे सांगणारे मामा, आणि त्यांच्याच बायकोने मुलाला नोकरी लागली त्या दिवशी तो झाला असे सांगणे, ही दोन चित्रणे मध्ये काहीही न घालता जोडली की प्रेक्षक काळाविषयी स्वतःच विचार करू लागतो.

पहिले प्रदर्शन आणि साठवण

गुस्मान यांनी चिलीतील सत्तापालटाच्या काळात चित्रित केलेले आपले जुने माहितीपट कित्येक वर्षांनी मायदेशी नेले, त्या काळातील साक्षीदारांना आणि ज्यांना तो इतिहास शिकवला गेला नव्हता अशा विद्यार्थ्यांना दाखवले, आणि पाहणाऱ्यांच्या प्रतिक्रिया हाच १९९७ च्या नव्या चित्रपटाचा गाभा केला. आपणही अंतिम प्रत बांधण्यापूर्वी कच्चे संकलन ज्यांनी आठवणी दिल्या त्यांना दाखवावे. एखाद्या मंडळाच्या खोलीत, पडदा आणि बरा स्पीकर लावून, प्रत्येक कुटुंबाला बोलावून. कमी ऐकू येणाऱ्यांसाठी या प्रदर्शनालाही मराठी उपशीर्षके असावीत. येथे होणारे आक्षेप लिहून घ्यावेत आणि त्यांचे दोन भाग करावेत: तथ्यावरचे आणि प्रतिमेवरचे. तथ्यावरचा आक्षेप तपासून दुरुस्ती करावी. ‘मी रडलो ते काढा’ हा प्रतिमेवरचा आक्षेप आहे, आणि संमतीपत्रात लिहिलेली मुदत अशा वेळी पाळायची असते, मग तो प्रसंग चित्रपटाचा कणा का असेना.

शेवटी न वापरलेले चित्रण उरते आणि ते वापरलेल्याच्या कितीतरी पट असते. ‘शोआ’मध्ये न घेतलेले शेकडो तासांचे चित्रण आज वॉशिंग्टनच्या होलोकॉस्ट संग्रहालयात अभ्यासकांना उपलब्ध आहे. आपल्याकडे विद्यापीठाचा विभाग, ग्रंथसंग्रहालय किंवा कामगार चळवळीचा संग्रह करणारी संस्था यांच्याशी चित्रीकरण सुरू असतानाच लेखी बोलणी करावीत. सोबत उतारे, ‘पाहिले-ऐकले’चा रकाना, दिनदर्शिका आणि संमतीपत्रांच्या प्रती द्याव्यात. कोणत्या मुलाखती आत्ता खुल्या आहेत आणि कोणत्या सांगणाऱ्याच्या हयातीनंतरच उघडायच्या आहेत, याची यादी पहिल्या पानावर लावावी, आणि प्रत्येक मुलाखतीची एक प्रत पेन ड्राइव्हवर त्या-त्या घरी पोचवावी.